जाहिरातीची भवानी

मोबाईलवर सेवा-सूचना आल्याची टिंग वाजली की आजही मी हातातलं काम टाकतो. समोर गिऱ्हाईक असलं तरी टाकतो. बायको म्हणते, माझ्या माहेरच्या फोनला तुम्ही एवढ्या घाईने कधी धावला नाहीत. खरं आहे. तिच्या माहेरच्या फोनवर माझं काही अवलंबून नसतं.

मी मुरबाडचा. बाजारभावांचा एक ब्लॉग चालवतो. कुठे काय भावाने मिळतंय, कोण जुना ट्रॅक्टर काढतोय, कोणत्या दुकानात किती कमी करून घेता येतं, हे सगळं त्यात रोज सकाळी येतं. ब्लॉगवर ज्या जाहिराती दिसतात त्या मुंबईच्या एका कंपनीमार्फत येतात. माझ्यासारख्या लहान लहान ब्लॉगवाल्यांना एकत्र बांधायचं, त्यांच्या वतीने जाहिराती मिळवायच्या आणि प्रत्येकाच्या पानावर लावायच्या, असा त्या कंपनीचा धंदा. तिला आम्ही सदस्य नुसतं 'नेटवर्क' म्हणतो. नेटवर्क आपल्या सदस्यांना अधूनमधून ईमेल पाठवतं: बुधवारी दुपारी दोन तास जाहिराती दिसणार नाहीत, चौकोनाचं माप बदललंय, नवा कोड अमुक तारखेच्या आत लावा. यांना सेवा-सूचना म्हणतात. बाकीचे सदस्य त्या न वाचता पुसून टाकतात. मी प्रत्येक सूचना छापून फाईलला लावतो. ज्याच्याशी व्यवहार आहे त्याचा शब्द कागदावर ठेवावा, हे मी गवताच्या वखारीत शिकलो.

माझी सुरुवात तिथलीच. सिद्धगडाच्या बाजूने गवताच्या गाड्या यायच्या, मी पेंढ्या उतरवायचो. दहावीला इंग्रजीत दोनदा आपटलो होतो, दुसरं काही येत नव्हतं. पेंढ्या उतरवता उतरवता मोजायला शिकलो, मोजता मोजता भाव करायला. मग जुन्या मोटरसायकलींची दलाली, मग जुने टेम्पो. मला कोणी काही दिलेलं नाही. जे आहे ते मी भांडून, कमी करून आणि वेळेवर उठून मिळवलंय.

वेळेवर उठणं यातलं सगळ्यात महत्त्वाचं. दिवसातली पहिली विक्री म्हणजे भवानी. ती झाल्याशिवाय विकणाऱ्याच्या जिवाला चैन पडत नाही. पहिलं गिऱ्हाईक रिकाम्या हाताने गेलं तर पुढचा दिवस वाया जातो अशी आमच्याकडे समजूत आहे, म्हणून तो पहिल्या गिऱ्हाइकाला सहसा परत पाठवत नाही. या एका समजुतीवर मी अर्धं आयुष्य काढलंय. जे घ्यायचं ते फळी उघडताना. दुकानदार कुरकुरतो, मी जायला निघतो, तो हाक मारतो. हे कधी चुकलेलं नाही.

मुरबाडला रेल्वे नाही. कल्याणला जायचं तर एसटी, नाहीतर जीप. पहिली जीप सव्वासहाला भरते. मी पाच वाजताच स्टँडवर असतो, भाजीवाल्यांकडून, दूधवाल्यांकडून ताजे भाव घेतो, तिथेच बाकावर बसून फोनवर लिहितो आणि पावणेसहाला ब्लॉगवर टाकतो. जीपमध्ये बसलेली माणसं सुटेपर्यंत तेच वाचतात. स्टँडच्या कोपऱ्यात एक मावशी भाजी घेऊन बसते. वाडीवरची आहे, चार किलोमीटर डोक्यावर टोपली घेऊन येते. लाल माठ, अळू, पावसाळ्यात रानातल्या भाज्या. माझी दिवसाची पहिली खरेदी तिच्याकडे. ती जुडीचे वीस सांगते, मी पंधरा देतो. भवानी असते, ती काय करणार? वर्षानुवर्षं हे असंच चाललंय.

नेटवर्ककडून पहिल्यांदा पैसे आले त्या दिवशी मी स्टँडवर पेढे वाटले. माणूस एवढा खूश झाला की तोंड सैल सुटतं. माझंही सुटलं. सगळ्यांना फोन दाखवून सांगितलं की हे बघा, हा चौकोन, ही जाहिरात, कोणी यावर बोट दाबलं की मला पैसे मिळतात. जीपचा ड्रायव्हर म्हणाला, "नुसतं दाबलं की? माल घ्यायला नको?" मी म्हणालो, नको. मावशीने पेढा कनवटीला बांधला आणि चौकोनाकडे नीट बघून घेतलं. तिच्या मुलाने तिला जुना फोन दिला होता, तो ती भाजीच्या फडक्यात गुंडाळून ठेवायची.

त्यानंतर कित्येक महिने सगळं झकास चाललं. रोज सकाळी जीपमधली माणसं माना खाली घालून माझा ब्लॉग वाचताना दिसायची आणि माझी छाती फुगायची.

आणि मग एका सकाळी टिंग वाजली. मी बाकावर बसूनच उघडली. सूचना सगळ्या सदस्यांना होती. त्यात लिहिलं होतं की मुरबाड-शहापूर भागातील बाजारभावांच्या एका ब्लॉगवर यांत्रिक पद्धतीने खोटे क्लिक केले जात असल्याचं आढळल्यामुळे त्याच्या जाहिराती थांबवण्यात आल्या आहेत, आणि अशी फसवणूक करणाऱ्यांवर यापुढेही कारवाई होईल.

नाव नव्हतं. पण मुरबाड-शहापूर भागात बाजारभावांचा दुसरा ब्लॉग आहे कुठे? मी माझं पान उघडलं. जाहिरातींच्या जागी पांढरे चौकोन. तळपायाची आग मस्तकात गेली. जन्मभर घासाघीस केली, पण मापात कधी मारलं नाही. वखारीत असताना एक पेंढी जास्त धरली असा आळ आला तेव्हा मी मालकासमोर अख्खी गाडी पुन्हा उतरवली होती. आणि हे मुंबईत बसून मला फसवा म्हणतात, तेही माझ्याच धंद्यातल्या सगळ्यांसमोर. नऊ वाजायच्या आत कल्याणच्या एका सदस्य बाईंचा फोन आला. त्या पाककृतींचा ब्लॉग चालवतात. म्हणाल्या, वाईट वाटलं हो. मी काही केलेलंच नाही असं सांगितलं. त्या "हो, हो, असेलच" म्हणाल्या. ते "असेलच" मला अजून टोचतं.

मला पैशांचं काही नव्हतं. दलाली चालू होती. मला तो शब्द परत घ्यायला लावायचा होता. फसवणूक. जसा सगळ्यांना पाठवला तसाच सगळ्यांना परत.

त्याच सकाळी, मी रागाने धुमसत बसलो असताना मावशीने हाक मारली होती. "का रे, तुझ्या फोनातलं बाळ कुठं गेलं आज?" मी म्हणालो, कसलं बाळ, मावशी, डोकं नको खाऊ. तिने तोंड फिरवलं. मी तेव्हा ऐकलं असतं तर माझे दोन दिवस वाचले असते.

नेटवर्कचा सदस्यांसाठीचा फोन दहा वाजता सुरू होतो. मी दहाच्या ठोक्याला लावला. इथेही मी पहिलं गिऱ्हाईक, मला परत कसे पाठवतील? एका बाईंनी उचलला. आवाज तरुण, बोलणं शांत. एवढं शांत बोलणारं माणूस समोर असलं की माझा आवाज आपोआप चढतो. तो चढला. बाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "सर, तुमच्या जाहिरातींवरचे बहुतेक क्लिक रोज सहा ते सव्वासहाच्या दरम्यान येतात. फक्त दोन ठिकाणांहून. मुरबाड स्टँड आणि सापगाव. एका फोनवरून एकच क्लिक, रोज, सुट्टी नाही. माणसं अशी वागत नाहीत. यंत्र वागतं."

माझ्याकडे यंत्र कुठलं? मी फोन ठेवला आणि विचार केला की माझं वाईट करायला कोण टपलंय. शहापूरला जुन्या टेम्पोंचा एक व्यापारी आहे, त्याची दोन गिऱ्हाइकं मी पळवली होती. सापगाव शहापूरला लागूनच. झालं, कोडं सुटलं. मोटरसायकल काढली, किन्हवलीमार्गे तडक शहापूर गाठलं आणि त्याच्या दुकानासमोर उभा राहून त्याला चार माणसांत वाटेल ते बोललो. तो खुर्चीतून उठलासुद्धा नाही. सगळं बोलून झाल्यावर म्हणाला, "तुझा ब्लॉग मी वाचत नाय रे. माझी बायको वाचते. तिला विचारू का?" आसपासचे हसले. मी गाडीला लाथ मारली, ती चालू झाली नाही, पुन्हा मारली.

सापगावला माझी मोठी बहीण आहे. एवढं तापलेलं डोकं घेऊन घरी परत जाण्यापेक्षा तिच्याकडे पाणी प्यावं म्हणून वळलो. ती अंगणात तांदूळ पाखडत होती. मी बसल्या बसल्या सगळं सांगितलं. सापगावातून कोणीतरी रोज सकाळी माझ्या जाहिरातींवर बोटं दाबतंय, ते कोण हे मला शोधायचंय, आणि सापडला की त्याची मी काय गत करणार तेही सांगितलं. तिने सूप खाली ठेवलं.

"कोण म्हंजे? आमीच दाबतो."

"आमी म्हणजे कोण?"

"मी, शेजारीण, तिच्या दोन सुना, बचत गटातल्या समद्या. चुलीवर पाणी ठेवलं की पयलं तुझं दाबतो, मग बाकीची कामं. भवानी नको व्हायाला तुझी?"

मी विचारलं, हे तुझ्या डोक्यात कोणी घातलं. तर म्हणे मुरबाडच्या मावशीने. मागे ताई मुरबाडच्या बाजाराला आली होती तेव्हा मावशीने तिला उभी करून विचारलं होतं की जीपवाले सगळे तुझ्या भावाची भवानी करतात, तू सख्खी बहीण, तू करतेस का नाही. ताईला लाज वाटली. घरी येऊन तिने सगळ्या आळीला कामाला लावलं.

मी ओरडलो. काय ओरडलो ते आठवत नाही, पण शेजारीण दारात आली. ताई म्हणाली, "वरडू नको. एवढ्या महिन्यांत एक खाडा केला नाय आमी. पोरीच्या लग्नाच्या दिवशी पण दाबलं, हळदीच्या हाताने. आता चहा घे आणि मग सांग यात वाईट काय झालं ते."

मी चहा घेतला. दुसरा कपही घेतला.

दुसऱ्या दिवशी स्टँडवर मी भाव घेतले, लिहिले, टाकले. पण या खेपेला मान वर करून बघितलं. सहा वाजले. ड्रायव्हरने फोन काढला, बोट दाबलं, फोन कपाळाला लावला आणि खिशात ठेवला. मागच्या सीटवरच्या दोघींनी तेच केलं. दूधवाल्याने कॅन खाली ठेवून केलं. पांढऱ्या चौकोनावर बोट दाबून कोणाला काही दिसत नव्हतं, तरी दाबत होते. एवढे महिने ही माणसं माझ्यासमोर हे करत होती आणि मला वाटत होतं की ती माझं लिखाण वाचतायत.

मी मावशीकडे गेलो. तिचा फोन फडक्यातून बाहेर होता.

"बाळ नाय आलं अजून," ती म्हणाली. "आजारी हाय का काय?"

तेव्हा मला कळलं. मावशीला वाचता येत नाही. ब्लॉगवर लहान मुलांच्या साबणाची एक जाहिरात बरेच महिने चालू होती, तिच्यात फेसाने भरलेलं एक गुटगुटीत बाळ हसत होतं. मावशी रोज त्या बाळावर बोट ठेवायची.

दहाच्या ठोक्याला पुन्हा फोन. पुन्हा त्याच बाई. मी म्हणालो, तुमचं यंत्र सापडलं. ते भाजी विकतं. आणि मग भवानी म्हणजे काय, कशी होते, का करतात, सगळं सांगितलं. बाईंनी ऐकलं. मग म्हणाल्या की गोष्ट छान आहे, पण वरच्यांना गोष्ट पुरत नाही. जाहिराती पुन्हा सुरू करता येतील, सहा महिने निगराणीखाली, तुम्ही वाचकांना सांगून हे बंद करायचं. मागच्या सूचनेबद्दल काही लिहिता येणार नाही.

दुसरा कोणी असता तर घेतलं असतं. समोरचा पहिल्या फेरीत एवढं देतो, म्हणजे त्याच्याकडे अजून आहे. मी म्हणालो, निगराणी नको आणि जाहिराती पण नंतर बघू, आधी तो शब्द मागे घ्या. बाई म्हणाल्या, सूचना नियमानुसार गेली आहे.

मी याचीच वाट बघत होतो. फाईल मांडीवर घेऊनच बसलो होतो. अगदी सुरुवातीची एक सेवा-सूचना काढून वाचून दाखवली: कोणत्याही सदस्याच्या जाहिराती थांबवण्याआधी त्याला सात दिवसांची लेखी सूचना दिली जाईल. मला सात मिनिटांची पण मिळाली नव्हती. पलीकडून कागदांचा नाही, संगणकाची बटणं वाजल्याचा आवाज आला. त्या शोधत होत्या. मग बराच वेळ काहीच आवाज नाही. हा शांत वेळ मला फार आवडतो. समोरचा गप्प झाला की आपण अजिबात बोलायचं नाही.

शेवटी त्या म्हणाल्या, "तुम्ही आमच्या सूचना ठेवता?"

"सगळ्या."

"मी सुद्धा ठेवत नाही." त्या किंचित हसल्या असाव्यात. मग हळू आवाजात विचारलं, त्या भाजीवाल्या मावशींशी मला बोलता येईल का? कारण प्रत्येक फोनची वेगळी खूण त्यांच्याकडे नोंदलेली असते, कोणत्या फोनवरून कोणती जाहिरात दाबली ते दिसतं. माणसं खरी असतील तर त्यांना आपण काय दाबलं ते आठवेल. यंत्रवाल्याला नाही आठवणार. मात्र तुम्ही त्यांना आधी काही पढवायचं नाही.

मी म्हणालो, उद्या सकाळी सहा. त्या म्हणाल्या, सहा? माझं ऑफिस दहाचं. मी म्हणालो, मावशीचं सहाचं.

त्या रात्री मला झोप लागली नाही असं मी म्हणणार नाही, पण चारलाच उठलो. बायको म्हणाली, लग्नाच्या दिवशी एवढी घाई नव्हती. स्टँडवर पोचलो तर एका जागी बसवेना. जुने टेम्पो विकताना समोर लाखांचा व्यवहार असला तरी मला असं होत नाही. कोणाला काही सांगायचं नाही असं ठरलं होतं, आणि माझ्यासारख्याला गप्प बसणं किती जड जातं ते सगळ्या मुरबाडला ठाऊक आहे. मी इकडून तिकडे फेऱ्या मारत होतो. ड्रायव्हरने विचारलं, "काय झालं, पोट बिघडलं का?"

सहाला पाच कमी असताना मी फोन लावला. बाईंनी उचलला, मागे कुठेतरी कुकरची शिटी झाली. मी स्पीकर लावला आणि आधी ड्रायव्हरसमोर धरला. मुंबईच्या मॅडम आहेत, विचारतील त्याचं उत्तर दे, एवढंच म्हणालो. त्यांनी विचारलं, तुम्ही कोणती जाहिरात दाबता. तो म्हणाला, "टायरची. टायर घ्यायचे आहेत कधीपासून, पण बघूनच पोट भरतं." पलीकडे बटणं वाजली. मग त्या म्हणाल्या, बरोबर, टायर. आधी ट्रकचे, गेल्या महिन्यापासून जीपचे. ड्रायव्हर फोनकडे बघतच राहिला. "आयला, यांना समदं ठाऊक."

मग मावशी. तिने फोन दोन्ही हातांनी धरला आणि कानाला न लावता तोंडासमोर आरशासारखा धरला.

"बोला गो बाई," ती म्हणाली.

बाईंनी तेच विचारलं. मावशी म्हणाली, बाळाची. दुसरी कोणती दाबता? दुसरी कशाला, बाळच. रोज? रोज.

बटणं वाजली. पलीकडून बाईंचा आवाज आला तो वेगळाच होता, मघासारखा ऑफिसचा नव्हता. "आहे," त्या म्हणाल्या. "रोज आहे. एकच फोन, एकच जाहिरात. आमच्या यंत्राने सगळ्यात आधी हाच फोन पकडला होता." मग त्यांनी विचारलं, "मावशी, रोज त्याच बाळावर का?"

"सकाळच्या पारी हसतं तोंड बघावं ना, बाई. इथं तर समदी झोपेतलीच तोंडं."

जीपमध्ये हशा झाला. मी पण हसलो. मला वाटलं झालं, जिंकलो. पण बाईंना अजून एक विचारायचं होतं, आणि ते त्यांनी विचारायलाच हवं होतं, हे मी आता मान्य करतो.

"हे तुम्हाला यांनी करायला सांगितलं का?"

"यानं?" मावशीने माझ्याकडे बघितलं. "हा कशाला सांगल? हा रोज माझ्याकडून पयली जुडी नेतो, पाच रुपये कमी देतो. भवानी हाय म्हणून मी देते, नाय म्हणता येत नाय. तो रोज माझी भवानी करतो, मग मी त्याची करायला नको? फुकट कोणाचं ठेवावं का बाई?"

कोणी हसलं नाही. निदान मला ऐकू आलं नाही. माझ्या कानांत गरम वारा शिरल्यासारखं झालं. ती टोमणा मारत नव्हती, हे सगळ्यात वाईट. ती माझी बाजू मांडत होती, आणि तिच्या हिशोबी मी तिच्यावर उपकार करणारा माणूस होतो. बाईंना मात्र पाच रुपये नीट ऐकू गेले असणार. भाव करणाऱ्या माणसाला समोरच्याच्या गप्प बसण्यातलं सगळं कळतं.

"समजलं," त्या म्हणाल्या. मावशीला "येते हं" म्हणाल्या, जसं काही आमच्या स्टँडवर येऊन गेल्या. माझी आई बांगड्या विकायची, दादरला, असंही म्हणाल्या. मग फोन बंद झाला.

पुढचे आठ दिवस मी रोज दहाला फोन करत होतो. आता भाव शब्दांचा होता. मी 'जाहीर माफी'पासून सुरू केलं, कारण ती मिळणार नाही हे मला ठाऊक होतं. नेटवर्कचे वरचे साहेब 'सदस्यांनी नोंद घ्यावी' यावर अडले. मी 'माफी'वरून 'दिलगिरी'वर उतरलो. ते 'स्पष्टीकरणा'वर चढले. बाई मधल्यामध्ये दोन्हीकडून ऐकत होत्या. एकदा मला म्हणाल्या, तुम्ही भाजी घेताना पण असंच करता का? मी विषय बदलला. शेवटी आम्ही 'खेद' या शब्दावर थांबलो. माझ्या मते 'दिलगिरी' सहज मिळत होती, साहेबांनी विनाकारण ताणलं. हे मी विसरलेलो नाही.

नवव्या दिवशी सकाळी, जीप भरायच्या आधी, टिंग वाजली. मी सगळ्यांसमोर उघडली. मी मोठ्याने वाचलं: मागील सेवा-सूचनेत उल्लेख केलेल्या मुरबाड-शहापूर भागातील ब्लॉगच्या बाबतीत कोणतीही फसवणूक झालेली नव्हती. तेथील वाचक स्थानिक प्रथेनुसार दिवसाच्या सुरुवातीला सद्भावनेने जाहिरातींवर क्लिक करत होते. नेटवर्क त्या उल्लेखाबद्दल खेद व्यक्त करते. ब्लॉगच्या जाहिराती आजपासून पूर्ववत सुरू आहेत. यापुढे कोणत्याही सदस्याच्या जाहिराती थांबवण्यापूर्वी त्याच्याशी फोनवर बोलले जाईल. सदस्यांनी आपल्या वाचकांना, भवानी म्हणून जाहिराती दाबू नयेत, अशी विनंती करावी.

त्या शेवटच्या ओळीत भवानी शब्द आला तेव्हा सगळी जीप ओरडली. मुंबईच्या कंपनीच्या सूचनेत आमच्या स्टँडचा शब्द, काय सांगू. ड्रायव्हरने हॉर्न वाजवला. मी पहिल्यांदा कल्याणच्या पाककृतीवाल्या बाईंना ती सूचना पुढे पाठवली, वर एक अक्षर न लिहिता. मग शहापूरच्या टेम्पोवाल्याला. त्याने उत्तरात अंगठ्याचं चित्र पाठवलं आणि लिहिलं, बायकोला दाखवतो.

मावशीने सगळं ऐकलं होतं. पान उघडून बघितलं. बाळ परत आलं होतं.

"म्हंजे आता दाबायचं नाय?"

"नाय," मी म्हणालो. "बघायचं फक्त."

तिला पटलं नाही. बोट बाळाच्या वर तसंच हवेत धरून बसली होती. "मग तुझी भवानी कशी होयाची?"

मी तिच्यासमोर उकिडवा बसलो आणि माठाची वरची जुडी उचलली. ती म्हणाली वीस. रोजच्यासारखं तिने पंधराची तयारी पण ठेवली होती, पाचाचं नाणं परत द्यायला मुठीत होतं.

मी वीसची नोट दिली.

तिने नोट घेतली, उलटसुलट बघितली, कपाळाला लावली. मग मुठीतलं नाणं बघितलं आणि माझ्याकडे बघितलं.

"बरं नाय वाटत का रे तुला?"

मी म्हणालो बरं आहे, आणि जुडी पिशवीत घातली. ती माझ्याकडे संशयाने बघतच होती. थोड्या वेळाने तिने टोपलीतून मिरच्यांची एक मूठ काढली आणि माझ्या पिशवीत टाकली, आणि मी पुढे काही बोलायच्या आत फोन फडक्यात गुंडाळून ठेवला.